बाबासाहेब वाचत होते ते ग्रंथालय कोणते?

महोदय,

डॉ. बाबासाहेब आंबेडकरांच्या कोलंबिया विद्यापीठातील शिक्षणाविषयी आपल्या शहरात जे फलक, भित्तिपत्रके आणि स्मरणिका निघतात, त्यांत एक चूक वर्षानुवर्षे तशीच पुढे चालत आली आहे. चूक वरवर किरकोळ वाटते, पण तिच्यामुळे एका थोर इमारतीचा इतिहास आपल्या नजरेआड होतो. म्हणून जरा विस्ताराने लिहितो. पत्र लांबल्यास सांभाळून घ्यावे, ही विनंती.

नाशिकरोड भागातील एका अभ्यासिकेच्या दर्शनी भिंतीवर मोठा फलक आहे. त्यावर उजवीकडे बाबासाहेबांचे पदवीच्या झग्यातील छायाचित्र, डावीकडे एका भव्य इमारतीचे छायाचित्र आणि खाली ‘बाबासाहेबांनी याच ग्रंथालयात ज्ञानसाधना केली’ अशी ओळ आहे. छपाई इतकी स्वच्छ आहे की इमारतीवर कोरलेली अक्षरेही वाचता येतात. खांबांच्या लांबलचक रांगेच्या डोक्यावर, दगडी पट्टीत, होमर, हिरोडोटस, सोफोक्लिस, प्लेटो, ॲरिस्टॉटल, डेमॉस्थेनिस, सिसेरो आणि व्हर्जिल ही नावे एका ओळीत आहेत. याच नावांवरून इमारतीची ओळख निःसंशय पटते. ती आहे बटलर लायब्ररी, आणि तिचे दार उघडले १९३४ साली. बाबासाहेब १९१३ च्या जुलैत न्यूयॉर्कला पोहोचले आणि १९१६ च्या मध्यास तेथून लंडनला गेले. त्यांच्या विद्यार्थिदशेत ही इमारत अस्तित्वातच नव्हती. हेच छायाचित्र मी जयंतीच्या स्मरणिकांत, शाळांच्या भित्तिपत्रकांवर आणि मोबाइलवर फिरणाऱ्या संदेशांतही अनेकदा पाहिले आहे.

बाबासाहेबांच्या काळात विद्यापीठाचे मुख्य ग्रंथालय होते ते याच इमारतीच्या बरोबर समोर, उत्तरेच्या अंगाला, उंचावर उभे असलेले घुमटाचे ‘लो मेमोरियल लायब्ररी’. काही विभागांची स्वतंत्र वाचनदालने आवारात होती हे खरे, पण ग्रंथालय म्हणून विद्यापीठाचे केंद्र हेच होते. गोंधळ का होतो, हे समजण्यासारखे आहे. दोन्ही इमारती ग्रीक-रोमन धाटणीच्या, ज्याला आपण नवअभिजात शैली म्हणतो त्या शैलीतल्या. दोन्हींच्या दर्शनी भागी आयोनिक खांबांची रांग. दोन्ही एकमेकींकडे तोंड करून उभ्या. शिवाय लो लायब्ररीत आज ग्रंथालय नाही, विद्यापीठाची कार्यालये आहेत. त्यामुळे ‘कोलंबिया विद्यापीठाचे ग्रंथालय’ असा शोध घेणाऱ्याच्या हाती साहजिकच बटलरचे छायाचित्र लागते. मात्र नाशिकसारख्या शहरात, जिथे २ मार्च १९३० रोजी काळाराम मंदिराच्या सत्याग्रहाला प्रारंभ झाला आणि ज्या जिल्ह्यातील येवल्यात १३ ऑक्टोबर १९३५ रोजी धर्मांतराची घोषणा झाली, तिथे तरी बाबासाहेबांच्या चरित्रातील स्थळे नेमकी माहीत असावीत, असे मला मनापासून वाटते.

कोलंबियाची स्थापना १७५४ सालची. इंग्लंडचा राजा दुसरा जॉर्ज याच्या सनदेने ते ‘किंग्ज कॉलेज’ या नावाने मॅनहॅटन बेटाच्या दक्षिण टोकाकडे सुरू झाले. अमेरिका स्वतंत्र झाल्यावर त्याचे नाव कोलंबिया झाले. १८५७ मध्ये ते मॅडिसन ॲव्हेन्यूवर ४९व्या रस्त्याच्या परिसरात हलले, आणि तीसचाळीस वर्षांत तीही जागा अपुरी पडू लागली. १८९० मध्ये विद्यापीठाच्या अध्यक्षपदी आलेले सेथ लो हे त्याआधी ब्रुकलिन शहराचे महापौर राहिलेले होते; पुढे ते न्यूयॉर्कचेही महापौर झाले. शहराचा कारभार पाहिलेल्या या माणसाने उत्तरेकडे, मॉर्निंगसाइड हाइट्स या टेकाडावर, ब्लूमिंगडेल नावाच्या मनोरुग्णालयाची जमीन विद्यापीठासाठी घेतली. त्या रुग्णालयाची एक विटांची इमारत आजही विद्यापीठाच्या आवारात शिल्लक आहे.

नव्या आवारात पहिला मान ग्रंथालयाला मिळाला, आणि त्यासाठी लागणारे दहा लाख डॉलर सेथ लो यांनी १८९५ मध्ये स्वतःच्या पैशातून दिले. अट एकच, की इमारतीला आपले वडील ॲबिएल ॲबट लो यांचे नाव असावे. हे वडील चीनशी चहा आणि रेशमाचा व्यापार करणारे मोठे व्यापारी होते. ‘लो’ हे नाव देणगीदार मुलाचे नसून त्याच्या वडिलांचे आहे, हे अनेक ठिकाणी उलटे लिहिलेले आढळते.

येथे मराठी वाचकाला मुंबईची आठवण होणे अपरिहार्य आहे. मुंबई विद्यापीठाच्या ग्रंथालयाची इमारत आणि तिच्यावरचा मनोरा प्रेमचंद रायचंद यांच्या देणगीतून उभा राहिला आणि त्याला त्यांच्या आईचे, राजाबाईंचे, नाव मिळाले. काम १८७८ मध्ये पूर्ण झाले. एका विद्यापीठाचे ग्रंथालय कापसाच्या बाजारात संपत्ती मिळवलेल्या मुलाने आईच्या नावाने बांधून दिले, दुसऱ्याचे चहाच्या व्यापाऱ्याच्या मुलाने वडिलांच्या नावाने. एल्फिन्स्टन कॉलेजातून १९१२ मध्ये बी. ए. झालेल्या बाबासाहेबांच्या वाट्याला लागोपाठ ही दोन विद्यापीठे आली. शैली मात्र अगदी वेगळ्या. राजाबाई टॉवर गॉथिक धाटणीचा आहे: टोकदार कमानी, रंगीत काचांच्या खिडक्या, वर चढत जाणारा मनोरा. मुंबईत नवअभिजात शैली पाहायची असेल तर एशियाटिक सोसायटीच्या टाउन हॉलकडे जावे लागते. १८३३ मध्ये पूर्ण झालेल्या त्या इमारतीच्या रुंद पायऱ्या आणि जाडजूड डोरिक खांब ज्यांनी पाहिले आहेत, त्यांना लो लायब्ररीच्या दर्शनी भागाची कल्पना करणे जड जाणार नाही. फक्त डोरिकच्या जागी शेंड्याला दोन्ही बाजूंनी गुंडाळी असलेले उंच, पन्हळीदार आयोनिक खांब धरावेत आणि त्यांच्यामागे एक मोठा दगडी घुमट कल्पावा.

लो लायब्ररीचे वास्तुरचनाकार चार्ल्स फोलन मॅकिम हे मॅकिम, मीड अँड व्हाइट या न्यूयॉर्कमधील संस्थेचे भागीदार होते. त्यांचे शिक्षण पॅरिसच्या एकोल दे बोझार या कलाशाळेत झाले होते. तिथल्या शिकवणीत आधी नकाशा, मग मध्यरेषा, मग त्या रेषेवर सर्वांत महत्त्वाचे दालन आणि दोन्ही बाजूंना तोलून मांडलेली दुय्यम दालने, असा क्रम असे. १८९३ मध्ये शिकागोत भरलेल्या जागतिक प्रदर्शनात याच पद्धतीच्या शुभ्र इमारतींचे एक पूर्ण नगर उभे राहिले आणि मॅकिम यांचा त्यात मोठा वाटा होता. (त्याच प्रदर्शनाच्या निमित्ताने भरलेल्या सर्वधर्म परिषदेत स्वामी विवेकानंद बोलले, म्हणून आपल्याला त्याचे नाव ठाऊक असते.) त्यानंतर अमेरिकेतील सरकारी कचेऱ्या, बँका, रेल्वे स्थानके आणि विद्यापीठे या सर्वांना रोमन पोशाख चढू लागला. कोलंबियाचा आराखडा हा त्या लाटेतील पहिल्या आणि उत्तम कामांपैकी एक आहे.

या आराखड्यात मला सर्वांत महत्त्वाची वाटते ती केंद्रस्थानाची निवड. जुन्या युरोपीय विद्यापीठांत आवाराच्या मध्यभागी प्रार्थनागृह असे. मॅकिम आणि लो यांनी तिथे ग्रंथालय ठेवले आणि प्रार्थनागृहाला बाजूची जागा दिली. ही कल्पना अमेरिकेत त्याआधी टॉमस जेफरसन यांनी मांडली होती. त्यांनी व्हर्जिनिया विद्यापीठाच्या मध्यभागी रोमच्या पँथिऑनवरून घेतलेले घुमटाचे ग्रंथालय योजले, आणि ते १८२६ मध्ये उभे राहिले. १८९५ मध्ये त्या ग्रंथालयाला आग लागली, तेव्हा ते नव्याने बांधण्याचे काम मॅकिम यांचेच भागीदार स्टॅनफर्ड व्हाइट यांच्याकडे आले. म्हणजे एकाच कार्यालयात एकाच सुमारास दोन घुमटांच्या विद्यापीठ-ग्रंथालयांचे नकाशे काढले जात होते. या दोन्हींचे मूळ असलेले पँथिऑन सम्राट हेड्रियन याच्या काळातले, इसवी सनाच्या दुसऱ्या शतकातले. आपल्या त्रिरश्मी डोंगरावरील लेण्यांपैकी तिसऱ्या क्रमांकाच्या लेण्यात गौतमी बलश्रीने कोरवून घेतलेला दानलेखही त्याच शतकातला. नाशिककराने रोमन वास्तुकलेकडे फार दूरची गोष्ट म्हणून पाहण्याचे कारण नाही. त्या काळी सोपारा, कल्याण आणि भडोच या बंदरांतून पश्चिमेशी व्यापार चालत होता आणि घाटावरून त्या बंदरांकडे जाणारे मार्ग याच मुलखातून उतरत होते.

आता प्रत्यक्ष इमारतीकडे वळतो. १८९५ ते १८९७ या काळात ती बांधली गेली. नकाशा ग्रीक क्रुसाच्या आकाराचा आहे, म्हणजे चारही भुजा सारख्या लांबीच्या, आणि त्या जिथे मिळतात तिथे मधोमध वर्तुळाकार घुमटाचे दालन. भिंती इंडियाना राज्यातील फिकट चुनखडी दगडाच्या. दक्षिणेकडून येणाऱ्याला प्रथम विस्तीर्ण फरसबंद प्रांगण लागते, मग टप्प्याटप्प्याने चढत जाणाऱ्या पायऱ्या, आणि या पायऱ्यांच्या मधोमध १९०३ मध्ये बसवलेली ‘आल्मा माटर’, म्हणजे विद्यामातेची, ब्राँझची बैठी मूर्ती. ती घडवणारे शिल्पकार डॅनियल चेस्टर फ्रेंच यांनीच पुढे वॉशिंग्टनच्या स्मारकातील लिंकन यांचा बसलेला पुतळा घडवला. मूर्तीच्या वस्त्राच्या घडीत एक लहानसे घुबड लपवलेले आहे. ग्रीकांकडे घुबड हे ज्ञानदेवता अथेनाचे चिन्ह. बाबासाहेब विद्यार्थी असताना ही मूर्ती तिथे होती; या पायऱ्या चढताना ती त्यांच्या नित्य नजरेत असणार.

पायऱ्या संपल्यावर दहा आयोनिक खांबांची रांग येते. खांबांवर त्रिकोणी कपाळपट्टी नाही, हे लक्षात घेण्यासारखे आहे. ग्रीक मंदिराच्या नमुन्यावर बांधलेल्या बहुतेक इमारतींना असा त्रिकोण असतो. मॅकिम यांनी तो टाळून खांबांच्या वर एक सरळ, उंच, सपाट भिंत ठेवली, आणि त्यामुळे मागचा घुमट खालूनही दिसतो. त्या सपाट भिंतीवर विद्यापीठाची जन्मकथा मोठ्या अक्षरांत कोरलेली आहे: राजाच्या सनदेने स्थापना, लोक स्वतंत्र झाल्यावर त्यांनी चालू ठेवलेली परंपरा, पिढ्यानपिढ्या झालेला सांभाळ आणि लोकहित हा हेतू. दान कोणी दिले, कशासाठी दिले, ते दगडात लिहून ठेवण्याची रीत आपल्याकडे लेण्यांपासूनची आहे. त्यामुळे हा लेख मला इमारतीचा सर्वांत ओळखीचा भाग वाटतो.

आत शिरल्यावर प्रवेशदालनात अथेना देवीचा संगमरवरी अर्धपुतळा आहे आणि त्याच्याभोवती फरशीत बारा राशींची ब्राँझची चिन्हे बसवली आहेत. तिथून पुढे मुख्य वाचनदालन. चार प्रचंड दगडी पायांवर चार कमानी, कमानींवर घुमट; प्रत्येक कमानीखाली चार याप्रमाणे आयर्लंडहून आणलेल्या हिरव्या कॉनेमारा संगमरवराचे सोळा खांब, त्यांचे शेंडे सोनेरी मुलाम्याचे. वरच्या सज्जाच्या एका बाजूला सोफोक्लिस, युरिपिडिस, डेमॉस्थेनिस आणि ऑगस्टस सीझर यांचे पुतळे. घुमटाविषयी एक तांत्रिक गोष्ट सांगायला हवी. बाहेरून दिसतो तो दगडी घुमट आणि आतून दिसतो तो घुमट एकच नाही. आतला घुमट लोखंडी सांगाड्यावर केलेल्या गिलाव्याचा आहे आणि दोहोंत मोठी पोकळी आहे. बाहेरचा घुमट दुरून भारदस्त दिसावा म्हणून जितका उंच हवा, तितकी उंची आतल्या दालनाला शोभली नसती. दोन घुमटांनी हा पेच सुटला. रोमच्या पँथिऑनला माथ्यावर उघडा झरोका आहे आणि तिथून ऊन-पाऊस थेट आत येतो. पुस्तकांच्या इमारतीत तसे चालणार नव्हते. म्हणून इथे उजेड येतो तो कमानींखालच्या मोठ्या अर्धवर्तुळाकार खिडक्यांतून.

रात्रीच्या उजेडासाठी मॅकिम यांनी जे केले ते आजही वाचताना थक्क व्हायला होते. घुमटाच्या आतल्या बाजूला आकाशाचा निळा रंग देऊन त्याच्या मध्यभागी सुमारे सात फूट व्यासाचा एक पांढरा गोल टांगला आणि सज्जांत लपवलेल्या दिव्यांचे झोत त्याच्यावर सोडले. अंधार पडला की तो गोल चंद्रासारखा उजळे आणि त्याचा मंद प्रकाश साऱ्या दालनात पसरे. विजेचे दिवे तेव्हा नवे होते. वाचकाच्या मेजावर वेगळा दिवा होताच, त्यामुळे वाचन चंद्रावर अवलंबून नव्हते. पण अभ्यासाला बसलेल्या माणसाच्या डोक्यावर आकाश असावे, एवढा विचार एका वास्तुरचनाकाराने केला, याचे मोल मला फार वाटते. हा चंद्र १९६०च्या दशकात काढून टाकण्यात आला. बाबासाहेबांच्या काळात तो तिथे होता.

आणि तरीही ग्रंथालय म्हणून ही इमारत टिकली नाही. नोकरीची सारी वर्षे मी ग्रंथालयात काढली आहेत, म्हणून या भागावर थोडे अधिक लिहितो. ग्रंथालयाला तीन प्रकारची जागा लागते: वाचकांसाठी, ग्रंथभांडारासाठी आणि पुस्तक दाखल करणे, वर्गांक देणे, देवघेव करणे या कामांसाठी. लो लायब्ररीत सर्वांत मोठी आणि मोक्याची जागा घुमटाखालच्या दालनाला गेली, जिथे वर्तुळात मांडलेल्या मेजांवर सुमारे दीडशे वाचक बसू शकत. पुस्तके गेली भोवतालच्या भुजांत आणि सज्जांत. पण ग्रंथसंग्रह कधी एका जागी थांबत नाही. दरवर्षी नवी कपाटे लागतात, आणि पूर्णपणे तोललेल्या, चारही बाजूंनी सारख्या इमारतीला एखादी भुजा वाढवणे म्हणजे तिचा सारा डौल मोडणे. घुमटावर मजला चढवता येत नाही. पुस्तक मागवल्यावर ते भुजेतल्या कपाटातून काढून वर्तुळाच्या मध्यापर्यंत आणून देणे, हेही रोजचे कष्टाचे काम. त्यात विद्यार्थिसंख्या वेगाने वाढत गेली. परिणामी चाळीस वर्षेही पुरी होण्याआधी नव्या ग्रंथालयाची इमारत बांधावी लागली. नवे आवार ठरवताना ग्रंथालयशास्त्राचे ज्ञान हाताशी नव्हते असेही नाही. दशांश वर्गीकरणाचे जनक मेल्विल ड्युई १८८३ पासून काही वर्षे याच विद्यापीठाचे ग्रंथपाल होते आणि ग्रंथपालनाचे पहिले विद्यालय त्यांनी १८८७ मध्ये इथेच सुरू केले होते. मात्र ते १८८८ मध्ये विद्यापीठ सोडून गेले, आणि इमारतीचा आराखडा झाला तो त्यानंतर.

नवी इमारत म्हणजे फलकावरची बटलर लायब्ररी. एडवर्ड हार्कनेस यांच्या देणगीतून, जेम्स गॅम्बल रॉजर्स यांच्या आराखड्यानुसार ती ‘साउथ हॉल’ या नावाने उघडली आणि १९४६ मध्ये तिला निकोलस मरे बटलर यांचे नाव दिले गेले. हे बटलर १९०२ ते १९४५ इतका दीर्घ काळ विद्यापीठाचे अध्यक्ष होते. बाबासाहेब शिकत होते तेव्हाही तेच अध्यक्ष होते. रॉजर्स यांनी मॅकिम यांची मांडणी उलटी केली. इमारतीच्या गाभ्यात पोलादी कपाटांचे एकावर एक मजले उभे केले आणि वाचनदालने त्यांच्याभोवती, बाहेरच्या भिंतीलगत, खिडक्यांच्या उजेडात ठेवली. बाहेरून खांब, नावे, चुनखडी दगड, सारे समोरच्या घुमटाला साजेसे. आतून मात्र पुस्तकांचे कोठार. सौंदर्याच्या दृष्टीने मी लो लायब्ररीला निःसंशय वरचे स्थान देईन. ग्रंथपाल म्हणून काम करायचे असते तर बटलरमध्ये केले असते.

बाबासाहेबांच्या हाती या जागेतला काळ जेमतेम तीन वर्षांचा आला. बडोद्याचे सयाजीराव महाराज यांच्या शिष्यवृत्तीची मुदत तेवढीच होती. त्या तीन वर्षांत त्यांनी अर्थशास्त्राबरोबर इतिहास, समाजशास्त्र, तत्त्वज्ञान, मानववंशशास्त्र या विषयांचे वर्ग केले. एडविन सेलिग्मन, जॉन ड्युई, जेम्स हार्वे रॉबिन्सन असे अध्यापक त्यांना लाभले. १९१५ मध्ये प्राचीन भारतीय व्यापारावरील प्रबंधासाठी एम. ए. ची पदवी मिळाली. ९ मे १९१६ रोजी अलेक्झांडर गोल्डनवायझर यांच्या चर्चासत्रात त्यांनी भारतातील जातींची रचना, उगम आणि विकास यांवर निबंध वाचला. तो निबंध आजही जगभर अभ्यासला जातो. ब्रिटिश हिंदुस्थानातील प्रांतिक वित्तव्यवस्थेवरील त्यांचे संशोधनही याच विद्यापीठातले, त्याची पीएच. डी. रीतसर १९२७ मध्ये प्रदान झाली. साताऱ्याच्या शाळेत ज्या मुलाला वर्गात इतरांपासून वेगळे, स्वतः आणलेल्या गोणपाटावर बसावे लागले, त्याला इथे कोणत्याही मेजाशी कोणत्याही खुर्चीवर बसून हवे ते पुस्तक मागवता येत होते. हा बदल कोणत्या छताखाली घडला, ते छत आपण चुकीचे दाखवू नये, एवढेच माझे म्हणणे आहे.

लो लायब्ररीचा पुढचा इतिहास थोडक्यात सांगण्यासारखा आहे. पुस्तके समोर गेल्यावर इथे प्रशासनाची कार्यालये आली आणि घुमटाचे दालन समारंभांसाठी राहिले. ५ जून १९५२ रोजी विद्यापीठाने बाबासाहेबांना डॉक्टर ऑफ लॉज ही सन्माननीय पदवी दिली, तेव्हा ही इमारत ग्रंथालय राहिली नव्हती. १९६८ च्या विद्यार्थी आंदोलनात विद्यार्थ्यांनी ताबा घेतलेल्या इमारतींत हीही होती. न्यूयॉर्क शहराने १९६७ मध्ये तिच्या बाह्यरूपाला आणि १९८१ मध्ये अंतर्भागालाही संरक्षित वास्तूचा दर्जा दिला. १९८७ मध्ये ती राष्ट्रीय ऐतिहासिक वास्तू ठरली. बाहेरच्या दर्शनी भागाबरोबर आतल्या दालनालाही कायद्याचे संरक्षण मिळावे, ही गोष्ट आपल्याकडच्या वाडे आणि वाचनालये सांभाळणाऱ्यांनी अवश्य अभ्यासावी. १८४० पासून चालत आलेले सार्वजनिक वाचनालय ज्या शहरात आहे, त्या शहराला हे सांगण्याची गरज भासू नये. पण जुन्या नाशकातील वाड्यांची नक्षीदार लाकडी दालने एकेक करून निघत असताना ते सांगावेसे वाटते.

त्याच ओघात आणखी एक मुद्दा. अलीकडे शहरात आणि परिसरात नव्या अभ्यासिका आणि शाळा-महाविद्यालयांच्या इमारती उभ्या राहताना दर्शनी भागाला सिमेंटचे रोमन खांब आणि त्यावर त्रिकोण लावण्याची पद्धत पडली आहे. खांब लावण्यास माझी हरकत नाही. मात्र त्यामागे काही भार पेलण्याचे काम असावे, त्यांच्यामुळे ओटा किंवा सावली मिळावी, आणि मुख्य म्हणजे आत पुस्तकांच्या कपाटांना वाढायला जागा ठेवलेली असावी. लो लायब्ररीचे खांब बांधणाऱ्यांपाशी पैसा होता, उत्तम दगड होता आणि त्या पिढीतला उत्तम वास्तुरचनाकार होता. तरीही कपाटांचा हिशेब चुकला आणि ग्रंथालय हलवावे लागले. आपल्या अभ्यासिकांत बहुतेक ठिकाणी खुर्च्या आणि मेजे भरपूर असतात, पण संग्रह एखाद्या कुलूपबंद कपाटापुरता असतो. स्पर्धापरीक्षेची पुस्तके मुले आपापली घेऊन येतात. बाबासाहेबांचे नाव ज्या अभ्यासिकेला द्यायचे, तिच्या आराखड्यात ग्रंथभांडारासाठी स्वतंत्र खोली आणि ती सांभाळण्यासाठी प्रशिक्षित ग्रंथपालाची जागा आधी दाखवली जावी, असा आग्रह नगरसेवकांनी आणि देणगीदारांनी धरावा.

आता फलकाविषयी. ज्या संस्थांनी तो लावला त्यांची श्रद्धा निर्विवाद आहे आणि त्यांच्या कार्यकर्त्यांनी स्वखर्चाने हे काम केले आहे, हे मी जाणतो. त्यामुळे नाव घेऊन दोष देण्याचा हेतू नाही. येत्या १४ एप्रिलच्या आधी जे नवे फलक आणि स्मरणिका छापल्या जातील, त्यांत घुमटाच्या, दहा खांबांच्या आणि समोर बसलेल्या मूर्तीच्या इमारतीचे छायाचित्र वापरावे आणि त्याखाली अशी ओळ द्यावी, असे सुचवतो: ‘लो मेमोरियल लायब्ररी, कोलंबिया विद्यापीठ, न्यूयॉर्क. बांधकाम १८९५ ते १८९७. डॉ. बाबासाहेब आंबेडकर १९१३ ते १९१६ या काळात येथे शिकत असताना हे विद्यापीठाचे मुख्य ग्रंथालय होते.’ बटलर लायब्ररीचे छायाचित्र ज्यांनी आधीच छापून घेतले आहे, त्यांनी ते टाकून देण्याची गरज नाही; त्याखाली ‘कोलंबिया विद्यापीठाचे सध्याचे मुख्य ग्रंथालय, १९३४’ असे लिहिले तरी पुरेसे आहे. आपल्या दैनिकानेही जयंतीच्या पुरवणीत दोन्ही इमारतींची छायाचित्रे शेजारी शेजारी छापली, तर शाळांतील शिक्षकांना ती कापून भित्तिपत्रकावर लावता येतील.

आपला विश्वासू,
एक निवृत्त ग्रंथपाल,
गंगापूर रोड, नाशिक